ओपीडीतला तो एक पानाचा फॉर्म आला कुठून?

पाठदुखी, अ‍ॅसिडिटी किंवा झोप न लागण्याची तक्रार घेऊन तुम्ही दवाखान्यात जाता आणि नंबर येण्याआधी कुणीतरी तुमच्या हातात एक कागद देतं. गेल्या दोन आठवड्यांत कामात मन लागलं का, थकवा जाणवला का, असे आठ-दहा प्रश्न आणि प्रत्येकासमोर चार रकाने. काही जण कागद परत देताना विचारतात, "डॉक्टर, मी पाठीसाठी आलोय, मला मानसिक रुग्ण समजता का?" प्रश्न रास्त आहे. उत्तरासाठी या कागदाचा इतिहास थोडा माहीत असायला हवा.

त्याची सुरुवात दवाखान्यात झाली नाही, सैन्यात झाली. १९१७ साली अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरली. तोपर्यंत युरोपातल्या आघाड्यांवर अंगावर जखम नसतानाही सैनिक थरथरू लागत, बोलेनासे होत. याला 'शेल शॉक' म्हणत. असा त्रास होऊ शकेल असे जवान भरतीच्या वेळीच ओळखता यावेत म्हणून कोलंबिया विद्यापीठातले मानसशास्त्रज्ञ रॉबर्ट वुडवर्थ यांनी हो-नाही उत्तरांची प्रश्नावली तयार केली. तिच्या अंतिम रूपात ११६ प्रश्न होते. ती वापरायला मिळेपर्यंत युद्धच संपलं. पण प्रत्येकाची मुलाखत घ्यायला तज्ज्ञ पुरणार नाहीत, तर निदान प्रश्न तरी छापून द्यावेत, ही कल्पना टिकली. हेतू मात्र माणसाला रांगेतून बाहेर काढण्याचा होता. अशा फॉर्मची आपल्याला जी धास्ती वाटते, ती मला तरी अगदीच निराधार वाटत नाही.

दुसऱ्या महायुद्धातही भरतीसाठी अशा प्रश्नावल्या निघाल्या. त्यातल्याच एका कामातून न्यूयॉर्कमधल्या कॉर्नेलच्या डॉक्टरांनी १९४९ मध्ये रुग्णांसाठी १९५ प्रश्नांची प्रश्नावली काढली. बहुतेक प्रश्न शरीराचे, शेवटचे मनाचे. १९५ प्रश्न सोडवणाऱ्या रुग्णांच्या चिकाटीला नमस्कारच केला पाहिजे.

खरा बदल इंग्लंडमध्ये झाला. डेव्हिड गोल्डबर्ग हे लंडनच्या मॉडस्ली हॉस्पिटलमधले तरुण मानसोपचारतज्ज्ञ. त्यांना माणसांची पारख करायची नव्हती. आज, या आठवड्यात, या माणसाचं मन आजारी आहे का, एवढंच त्यांना हवं होतं. म्हणून त्यांच्या प्रश्नावलीत उत्तरं 'नेहमीच्या मानाने' द्यायची असतात. काळजीने झोप उडाली असेल, तर ती नेहमीइतकीच की नेहमीपेक्षा जास्त? जन्मापासून अबोल असलेला माणूस त्यामुळे उगाच आजारी ठरत नाही.

या प्रश्नावलीची एक परीक्षा त्यांनी बॅरी ब्लॅकवेल यांच्यासोबत घेतली आणि १९७० मध्ये ती प्रसिद्ध केली. लंडनच्या उपनगरातल्या एका फॅमिली डॉक्टरकडे ओळीने आलेल्या ५५३ रुग्णांना ती भरायला दिली. त्यातल्या २०० जणांना दुसऱ्या मानसोपचारतज्ज्ञाने स्वतंत्रपणे तपासलं. गंमत म्हणजे तो फॅमिली डॉक्टर स्वतःच मानसोपचारतज्ज्ञ होता! त्याला पाचातल्या एका रुग्णात मानसिक आजार दिसला होता. पण खरोखर आजारी असलेल्यांपैकी एक-तृतीयांश त्याच्याही नजरेतून सुटले होते. त्यांचा त्रास इतरांपेक्षा कमी होता का? नाही, तेवढाच होता. फरक इतकाच, की ते सहसा शरीराची तक्रार घेऊन आले होते.

तर पाठीसाठी आलेल्या माणसाला तो कागद का दिला जातो, ते इथे कळतं. पाठ खोटी दुखत नसते. पण पाठीमागे दडलेलं दुःख मानसोपचाराचं शिक्षण घेतलेल्या डॉक्टरलाही दिसेलच असं नाही, आणि रुग्ण आपणहून बोलत नाही.

गोल्डबर्ग यांच्या पद्धतीत एक खोट आहे, आणि आपल्याकडे ती फार जाणवते. वर्षानुवर्षं सोसणारी बाई 'नेहमीइतकंच' या रकान्यावर खूण करते. तिचं नेहमीचं जगणंच दुःखाचं असतं, त्यामुळे गुण कमी येतात आणि कागद म्हणतो, सगळं ठीक!

पुढे ज्या त्या रुग्णासाठी वेगळा कागद निघाला. इस्पितळात दाखल असलेल्याला आजारामुळेच थकवा असतो, भूक नसते. म्हणून १९८३ मध्ये असे शारीरिक प्रश्न टाळून १४ प्रश्नांचा फॉर्म आला. तान्ह्या बाळाच्या आईला 'झोप पुरते का' विचारून काय कळणार? तिच्यासाठी १९८७ मध्ये एडिंबरामधून १० प्रश्न आले.

आज तुमच्या हातात बहुधा 'पीएचक्यू-९' पडतो. अमेरिकेतले रॉबर्ट स्पिट्झर, कर्ट क्रोन्के आणि जॅनेट विल्यम्स यांनी तो केला. २००१ मध्ये त्याचा मुख्य अभ्यास आला. डिप्रेशनच्या नऊ लक्षणांवर नऊ प्रश्न, गुण ० ते २७. खर्च फायझर या औषध कंपनीने केला होता, आणि ही कंपनी डिप्रेशनचं औषध विकत होती. फॉर्म चांगलाच आहे, पण हेही माहीत असावं.

आता थोडं गणित. मूळ अभ्यासात १० किंवा जास्त गुण धरले, तर डिप्रेशन असलेले ८८ टक्के लोक सापडले आणि नसलेले ८८ टक्के बरोबर वगळले गेले. ऐकायला उत्तम. समजा १,००० लोकांनी फॉर्म भरला आणि त्यातल्या १०० जणांना खरंच डिप्रेशन आहे. ८८ सापडतील, १२ सुटतील. उरलेल्या ९०० पैकी १०८ जणांचेही गुण १० च्या वर जातील. म्हणजे १९६ जणांपुढे धोक्याची खूण, आणि त्यातल्या निम्म्याहून जास्त लोकांना डिप्रेशन नाहीच. म्हणून मोबाईलवर फॉर्म भरून स्वतःला आजार चिकटवू नका, आणि नुसत्या गुणांवर कुणी गोळ्या लिहून दिल्या तर 'आधी माझ्याशी बोला' असं जरूर म्हणा. थायरॉईड किंवा रक्त कमी असणं यांनीही थकवा येतो आणि गुण वाढतात.

फॉर्म भरल्यानंतर काय होतं, हे जास्त महत्त्वाचं. आपल्या शेजारी गोव्यात विक्रम पटेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २४ सरकारी व खासगी दवाखान्यांत एक मोठा प्रयोग केला. तो २०१० मध्ये प्रसिद्ध झाला. गोल्डबर्ग यांच्याच प्रश्नावलीचं १२ प्रश्नांचं रूप वापरून रुग्ण शोधले. मग काही दवाखान्यांत प्रशिक्षण दिलेल्या स्थानिक समुपदेशकांनी, डॉक्टर नसूनही, त्यांच्याशी बोलून पाठपुरावा केला. इतर दवाखान्यांत फक्त फॉर्मचा निकाल डॉक्टरला कळवला. सरकारी दवाखान्यांत सहा महिन्यांनी पहिल्या गटात सुमारे ६६ टक्के रुग्ण बरे होते, दुसऱ्यात सुमारे ४३ टक्के. खासगी दवाखान्यांत असा फरक दिसला नाही.

तेव्हा पुढच्या वेळी कागद मिळाला तर तो स्वतः भरा. नवऱ्याने बायकोचा किंवा सुनेने सासूबाईंचा भरू नये. वाचता येत नसेल तर नर्सला बाजूला बसून वाचून दाखवायला सांगा. त्यात कमीपणा नाही. 'नेहमीचंच आहे' असं मनात आलं, तर ते नेहमीचं कधीपासून आहे हे डॉक्टरांना तोंडी सांगा.

आणि पीएचक्यूचा नववा प्रश्न, मरण बरं असं वाटतं का हा, तो रिकामा सोडू नका. तो विचारल्याने कुणाच्या डोक्यात असा विचार शिरत नाही. उत्तर 'हो' असेल तर गुणांची बेरीज होईपर्यंत थांबायचं नाही, त्याच भेटीत डॉक्टरांना सांगायचं. घरी असाल आणि असे विचार येत असतील, तर टेलि-मानसचा १४४१६ हा सरकारी नंबर आहे. दिवसरात्र चालू असतो, फोनला पैसे पडत नाहीत आणि मराठीतही बोलता येतं.