बुरशीच्या घड्याळाची कुळकथा

बुरशीच्या जोरावर काळ वाकवणारे जादूगार अद्भुतकथांत शोभतात. पण बुरशीचं घड्याळ प्रयोगशाळेत खरोखरच आहे. दोन्ही टोकं वर वळवलेली हातभर काचनळी, तळाशी आगरचा (जेलीसारख्या खाद्याचा) थर आणि त्यावर न्यूरोस्पोरा क्रासा ही नारिंगी बुरशी, एवढाच त्याचा संसार. अभ्यासक या नळीला 'रेस ट्यूब' म्हणतात.

नळीचा जन्म घड्याळासाठी झाला नव्हता. बशीत बुरशी चहूकडे पसरते, त्यामुळे तिच्या वाढीचा वेग नीट मोजता येत नाही. नळीत तिला एकच वाट उरते. रोज ती जिथवर पोचली तिथे काचेवर रेघ मारायची आणि अंतर मोजायचं, ही रीत रायन, बीडल आणि टेटम यांनी 1943 मध्ये मांडली.

1959 मध्ये प्रिन्स्टनच्या कॉलिन पिटेंड्रिघ यांच्या गटाने त्याच नळीत वेगळंच पाहिलं. कायम अंधारातही बुरशी ठरावीक काळाने बीजाणूंचा दाट पट्टा उमटवत होती. साध्या वाणांत मात्र हे पट्टे सहसा दिसत नाहीत, कारण बंद नळीत बुरशीनेच सोडलेला कार्बन डायऑक्साइड साठतो आणि ते दबून जातात. पुढे 'बँड' नावाचा वाण मिळाला. तो कोंडलेल्या हवेलाही दाद देत नाही. त्याच्या दोन पट्ट्यांत साधारण 22 तासांचं अंतर असतं. बुरशीला निळा उजेड जाणवतो, तांबडा नाही. म्हणून रोजची रेघ तांबड्या दिव्यात मारतात.

मग काळ खरोखर वाकला. 1973 मध्ये जेरी फेल्डमन आणि मेरियन हॉइल यांनी रसायनाने जनुकबदल घडवून नवे वाण मिळवले. कुणाचा 'दिवस', म्हणजे दोन पट्ट्यांतला काळ, सुमारे 16 तासांचा, कुणाचा 19, तर कुणाचा 24 तासांचा निघाला. या बदलांचं मूळ एकाच जनुकात होतं, त्याला 'फ्रीक्वेन्सी' नाव पडलं. हे जनुक जे प्रथिन बनवतं, तेच उलटून जनुकाचं काम थोपवतं. प्रथिन हळूहळू विघटित झालं की काम पुन्हा सुरू होतं. हीच या घड्याळाची किल्ली.

तरी एक शंका होतीच: ही लय पृथ्वीच्या फिरण्यातून तर येत नसेल? 1983 मध्ये 'कोलंबिया' यानातून या नळ्या अंतराळात गेल्या. तिथे पट्टे फिके झाले, पण लय थांबली नाही. घड्याळ बुरशीच्या आतलंच होतं.

जैविक घड्याळाच्या संशोधनाचं 2017 चं नोबेल फळमाशीवर काम करणाऱ्या तिघांना मिळालं. ते योग्यच होतं. पण घड्याळाची लय नुसत्या डोळ्यांनी पाहून पट्टीने मोजायची, तर आजही या काचनळीला तोड नाही.