पाटणच्या मठात ग्रहणाची रात्र

घड्याळ काढून ठेवा. मोबाइलही. चपला नगरलाच राहू द्या, कारण पुढे चिखल आहे.

नगरहून नेवासा फाटा मागे टाकायचा, संभाजीनगर, मग कन्नड, मग औट्रम घाट उतरून चाळीसगाव, आणि तिथून परत डोंगराच्या पायथ्याशी पाटण. आपण आज त्याला पाटणादेवी म्हणतो, अभयारण्य बघायला जातो, धबधब्यात भिजून येतो. तुम्हाला मात्र उतरायचंय ते शके ११२८च्या श्रावणी पौर्णिमेला. इंग्रजी तारीख हवीच असेल तर ९ ऑगस्ट १२०७. आता ती विसरा, कारण इथे कुणालाही ती ठाऊक नाही. इथे आज सगळ्यांच्या तोंडी एकच गोष्ट आहे: रात्री चंद्राला ग्रहण लागणार.

पहिल्यांदा नाकाला जाणवतं तेल. बाजारात घाणे फिरताहेत, लाकूड कुरकुरतंय, बैलांच्या अंगाची ऊब आणि ओल्या पेंडीचा वास एकमेकांत मिसळलाय. मागून बैलाचं तोंड पाठीला लागेल, दचकू नका, बाजूला व्हा. गर्दी अशी, की कुणाच्या तरी डोक्यावरचं धान्याचं टोपलं तुमच्या कानाला घासतंच. पलीकडे पोफळांचा ढीग आहे. बोली ऐका. अर्धी कळते, अर्धी निसटते. मराठीच आहे ती, जरा वेगळ्या चालीची. चहा मागू नका, शेंगदाणेही नाहीत. मिरची तर या देशात अजून आलेलीच नाही, जिभेला झणका हवा असेल तर मिरी चावा. आणि खायचं ते लवकर उरका, एकदा वेध लागले की चुली थंड.

या बाजारात थोडा वेळ थांबाच, कारण आज रात्री इथल्या मठाला मिळणाऱ्या दानाची मुळं इथे आहेत. इथून पुढे प्रत्येक घाण्यामागे पळीभर तेल मठाचं. पोफळं घेणाऱ्याकडून पाच पोफळं मठाची. गावात जे धान्य मापायचं ते मठाच्या मापाने, आणि त्या मापणावळीतलं अर्धं मापाऱ्याचं, अर्धं मठाचं. हे सगळं दगडावर कोरलं जाणार आहे: राजकुळाची स्तुती संस्कृतात आणि हा तेला-पोफळांचा हिशेब मराठीत. मला विचाराल तर शिलालेखाचा जीव त्या मराठी ओळींत आहे. चंद्राची गती शिकवणारं एक ठिकाण चालावं म्हणून एका बाजारपेठेने पळी-पळी तेल मोजायचं कबूल केलं, यापेक्षा मोठी गोष्ट त्या स्तुतीत नाही. पण तेल ओतणाऱ्या त्या माणसाकडेही नीट बघून घ्या. त्याच्या तेलावर आतली समई जळणार, आणि त्याच्या पोराला आत पाटी मिळण्याचा हा काळ नाही.

चला मठात. ओसरीवर पाय पुसा. आत ताडपत्रांचा कोरडा वास, ओल्या धोतरांचा दमट वास, आणि घोकण्याचा असा गलका की स्वतःचा आवाज ऐकू येऊ नये. एका कोपऱ्यात ‘लीलावती’ चाललीय, दुसऱ्यात ‘गोलाध्याय’. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठीच हा मठ आहे. तो उभारणारा चांगदेव त्यांचा नातू, देवगिरीच्या सिंघणाच्या दरबारातला ज्योतिषी.

मुलांच्या पुढ्यातल्या पाट्यांवर बारीक धूळ पसरलेली आहे, आकडे तिच्यात लिहायचे आणि बोटाने पुसायचे. कृपा करून शिंकू नका. एका शिंकेत कुणाचा तरी सकाळपासूनचा गुणाकार उडून जाईल. श्लोकांतले आकडेसुद्धा ओळखीची नावं घेऊन येतात: डोळे म्हणजे दोन, वेद म्हणजे चार, आणि चंद्र म्हणजे एक. चंद्राचा व्यास ४८० योजनं, त्याचं आपल्यापासूनचं अंतर ५१,५६६ योजनं, रोजची मध्यम चाल ७९० कला ३५ विकला. दहा-बारा वर्षांचं पोर हे एका दमात म्हणतं आणि वर तुमच्याकडे बघतं, चुकलो असेन तर सांगा म्हणून.

नुसतं पाठ असून मात्र इथे भागत नाही. ‘वासना’ सांग, म्हणजे उपपत्ती सांग, असं गुरुजी म्हणतात तेव्हा घोकणाराही गडबडतो. आत्ता एकाला विचारलंय, पितरांचा मध्यान्ह कधी? तो डोळे मिटतो. पितर चंद्राच्या वरच्या अंगाला राहतात. अमावास्येला सूर्य नेमका त्यांच्या माथ्यावर, म्हणून तो त्यांचा मध्यान्ह, आणि आपली पौर्णिमा ही त्यांची मध्यरात्र. तुम्ही क्षणभर ओसरीवरून उठून चंद्राच्या पाठीमागे जाऊन आलात की नाही? हा प्रवास धुळीच्या पाटीवर रोज होतो.

बाहेर हाकाटी झाली. उठा.

अंगणात पाण्याच्या भांड्यात घटिका तरंगतेय. तळाला छिद्र असलेली ही वाटी हळूहळू भरते, डुब्ब करून बुडते, की एक घटका झाली. अहोरात्रात अशी साठ वेळा. एक मुलगा तिच्याकडे टक लावून बसलाय, दुसरा मोठ्याने मोजतोय. आकाशात श्रावणाचे ढग आहेत आणि सगळ्यांचा जीव टांगणीला लागलाय, कारण हिशेबाने स्पर्शाची वेळ जवळ आलीय. ढग सरकतात. चंद्राची पूर्वेकडची कड मळलीय!

आता तुमचा पाय कुणीतरी तुडवणारच. सगळं पाटण नदीकडे धावतंय, बाया, म्हातारे, कडेवरची पोरं. ओढले जाल तर जा. पाणी इतकं गार की पोटऱ्यांत गोळा येतो, दात वाजतात. चारी बाजूंनी नामघोष, ओल्या कपड्यांचा फडफडाट, मध्येच एखादं बाळ किंचाळतं. गर्दीच्या मध्यभागी निकुंभ राजा सोइदेव सर्वांसमक्ष हातावर पाणी सोडून मठाला दान देतोय. त्याच्या हातावरून ओघळणारं पाणी तुम्हाला मशालीच्या उजेडात दिसेल, टाचा उंचावल्यात तर.

पण मुलांचं लक्ष वर आहे. त्यांच्याजवळ परत या. गुरुजी विचारतात, टोकं कशी दिसताहेत? बोथट, असं सगळे ओरडतात. सूर्यग्रहणात ती तीक्ष्ण असतात. मग? चंद्राला झाकणारं बिंब त्याच्याहून मोठं आहे, दोन्ही ग्रहणांना झाकणारा एकच असता तर टोकंही सारखीच दिसली असती. ही पृथ्वीची सावली आहे. राहूचं काय, असं कुणीतरी हळूच विचारतं, आणि त्यालाही उत्तर आहे: ब्रह्मदेवाच्या वराने राहू त्या सावलीतच शिरतो. भास्कराचार्यांनी पुराण मोडलं नाही आणि गणितही सोडलं नाही. सगळ्या यंत्रांत श्रेष्ठ बुद्धीचं यंत्र, असं त्यांनीच लिहून ठेवलंय, आणि इथे अंधारात, ओल्या अंगाने, ते यंत्र चालताना तुम्ही ऐकताय.

मोक्ष झाला. पुन्हा अंघोळ, पुन्हा कुडकुडणं. भूक आता आतडी पिळतेय. तेवढ्यात मघाचं ते पोर पाटी घेऊन तुमच्यासमोर बसतं. पाहुणे, तुम्ही सांगा, दर पौर्णिमेला ग्रहण का नाही?

हे तुम्हाला येतं. तुम्ही दोन्ही हात तिरके धरून दाखवता: चंद्राचा मार्ग क्रांतिवृत्ताला जरा कललेला, म्हणून बहुतेक पौर्णिमांना तो सावलीच्या वरून नाहीतर खालून निघून जातो. पोर मान डोलावतं. मग धूळ सपाट करून पाटी तुमच्याकडे सरकवतं.

"आणि पुढच्या पौर्णिमेला किती वरून? शर काढून दाखवा."