न्यायमूर्ती फ्रँक मर्फी : परक्यासाठी न्याय मागणारा कॅथलिक

रविवारी मिस्सेला जाणारा मनुष्य सोमवारी अधिकाराच्या खुर्चीवर बसतो, तेव्हा त्याच्या श्रद्धेचे काय होते? आपल्या धर्मग्रामांतील कितीतरी माणसे आज शिक्षक, वकील, सरकारी अधिकारी म्हणून काम करीत आहेत. त्यांच्यापुढे हा प्रश्न रोजच उभा राहतो. त्याचा विचार करताना अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश फ्रँक मर्फी यांचे चरित्र आम्हांला मननीय वाटते.

मर्फी यांचा जन्म १३ एप्रिल १८९० रोजी मिशिगन राज्यात, ह्युरॉन सरोवराच्या काठी वसलेल्या आज हार्बर बीच म्हणून ओळखल्या जाणाऱ्या गावी झाला. घराणे आयरिश कॅथलिक, वडील वकील. १९१४ साली मिशिगन विद्यापीठातून त्यांनी कायद्याची पदवी घेतली, पहिल्या महायुद्धात सैन्यात सेवा केली आणि १९२४ मध्ये ते डेट्रॉइट शहराच्या फौजदारी न्यायालयात न्यायाधीश झाले.

त्या काळी डेट्रॉइटमध्ये कू क्लक्स क्लान या संघटनेचे मोठे प्रस्थ होते. ही संघटना कृष्णवर्णीयांचा जसा द्वेष करी, तसाच ज्यू आणि कॅथलिक यांचाही. सप्टेंबर १९२५ मध्ये डॉ. ऑसियन स्वीट हे कृष्णवर्णीय डॉक्टर गोऱ्यांच्या वस्तीतील आपल्या घरात राहावयास गेले. दुसऱ्याच रात्री जमावाने घराला वेढा घालून दगडफेक केली. घरातून गोळ्या सुटल्या आणि एक गोरा मनुष्य ठार झाला. डॉक्टर, त्यांची पत्नी व भाऊ यांच्यासह अकरा जणांवर खुनाचा आरोप ठेवण्यात आला. मर्फी यांनी हा खटला स्वतःकडे घेतला. ज्यूरीतील सर्वजण गोरे होते. परंतु आपल्या घराचे रक्षण करण्याचा हक्क कृष्णवर्णीयालाही गोऱ्याइतकाच आहे, हे मर्फी यांनी त्यांना स्पष्टपणे समजावून सांगितले. पहिल्या वेळी ज्यूरीचे एकमत झाले नाही. मे १९२६ मध्ये डॉक्टरांचे भाऊ हेन्री स्वीट निर्दोष सुटले आणि पुढे इतरांवरील आरोपही काढून घेण्यात आले.

यानंतर मर्फी यांना सार्वजनिक जीवनात एकामागून एक पदे मिळत गेली. महामंदीच्या काळात ते डेट्रॉइटचे महापौर होते. १९३३ मध्ये ते फिलिपाइन्सचे गव्हर्नर जनरल म्हणून मनिलाला गेले. त्या कॅथलिक देशातील जनतेविषयी त्यांना जिव्हाळा वाटू लागला आणि तिच्या स्वातंत्र्याच्या आकांक्षेला त्यांनी पाठिंबा दिला. १९३७ मध्ये मिशिगनचे गव्हर्नर झाले, तेव्हा फ्लिंट येथे जनरल मोटर्सच्या कामगारांचा बैठा संप चालू होता. बळाचा वापर करून कामगारांना बाहेर काढावे, असा त्यांच्यावर दबाव होता. शांतता राखण्यासाठी त्यांनी सैनिक पाठविले, पण कामगारांवर ते सोडले नाहीत. वाटाघाटीने तडजोड घडवून आणली. १९३८ च्या निवडणुकीत ते पराभूत झाले. पुढे काही काळ ते अटर्नी जनरल होते आणि जानेवारी १९४० मध्ये राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी त्यांची सर्वोच्च न्यायालयावर नियुक्ती केली.

तेथे त्यांच्या श्रद्धेची लवकरच कसोटी लागली. यहोवाचे साक्षीदार या पंथाचे प्रचारक कॅथलिक चर्चवर अत्यंत कडवट टीका करीत. कॅथलिक वस्तीत जाऊन अशा टीकेची ध्वनिमुद्रिका वाजविणाऱ्या एका प्रचारकाची शिक्षा न्यायालयाने मे १९४० मध्ये एकमताने रद्द केली. त्या एकमतात मर्फी होते. परंतु पुढच्याच महिन्यात त्यांच्याकडून चूक झाली. ध्वजाला वंदन करणे आपल्या धर्माविरुद्ध आहे, असे मानणाऱ्या याच पंथाच्या मुलांना शाळेतून काढून टाकणे न्यायालयाने वैध ठरविले आणि मर्फी बहुमताबरोबर राहिले. ही चूक त्यांनी झाकून ठेवली नाही. १९४२ मध्ये आणखी दोन न्यायाधीशांसह त्यांनी तो निकाल चुकीचा होता असे लेखी नमूद केले आणि १९४३ मध्ये न्यायालयाने तो फिरविला. १९८६ साली केरळमधील याच पंथाच्या, राष्ट्रगीत न म्हणणाऱ्या तीन शाळकरी मुलांना भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने संरक्षण दिले, तेव्हा त्या निकालपत्रात या अमेरिकन खटल्यांचा विचार झालेला आहे.

युद्धकाळात याहून कठीण प्रसंग आला. फेब्रुवारी १९४२ च्या आदेशानुसार पश्चिम किनाऱ्यावरील सुमारे १,२०,००० जपानी वंशाच्या लोकांना घरेदारे सोडून छावण्यांत जावे लागले. त्यांतील सुमारे दोन-तृतीयांश अमेरिकेचेच नागरिक होते. १९४३ मध्ये या लोकांवरील संचारबंदीचा खटला आला. मर्फी यांनी विरोधी मत लिहावयास घेतले. परंतु सहकाऱ्यांच्या आग्रहामुळे अखेर जड मनाने ते बहुमताला मिळाले. मात्र जर्मनीत ज्यूंना मिळालेल्या वागणुकीशी या निर्बंधाचे खेदजनक साम्य आहे, असे त्यांनी बजावले. पुढच्या वर्षी फ्रेड कोरेमात्सु या तरुणाचा खटला आला तेव्हा ते माघार घेणार नव्हते. १८ डिसेंबर १९४४ रोजी सहा विरुद्ध तीन मतांनी न्यायालयाने सरकारची बाजू उचलून धरली. मर्फी यांनी आपल्या विरोधी मतात या धोरणाला सरळ वंशद्वेष म्हटले. इंग्लंडने सुमारे ७४,००० जर्मन व ऑस्ट्रियन परकीयांची सहा महिन्यांत एकेकाची चौकशी केली. मग अमेरिकेला आपल्याच नागरिकांची चौकशी करणे का अशक्य व्हावे, असा त्यांचा सवाल होता.

आमच्या मते मर्फी यांच्या जीवनातील सर्वांत मोठी कसोटी फेब्रुवारी १९४६ मध्ये झाली. वर्षभरापूर्वी मनिलाच्या लढाईत सुमारे एक लाख नागरिक मृत्युमुखी पडले होते आणि तेथील शतकानुशतकांची चर्चे धुळीस मिळाली होती. या अत्याचारांबद्दल जपानी सेनापती यामाशिता यांना लष्करी न्यायमंडळाने घाईघाईने देहदंड सुनावला. ज्यांची हत्या झाली ते मर्फी यांच्या जिव्हाळ्याचे लोक होते. तरीही त्यांनी न्यायमूर्ती रटलेज यांच्यासह विरोधी मत दिले. सेनापतीने स्वतः अत्याचार केले वा करविले असा आरोपच नाही. सूडाच्या भरात घटनेचे संरक्षण शत्रूलाही नाकारता येणार नाही, असे त्यांनी लिहिले. त्या मताचा उपयोग झाला नाही. २३ फेब्रुवारीला यामाशिता फासावर गेले.

मर्फी कायद्यापेक्षा हृदयाने न्याय करतात, अशी टीका त्यांच्यावर होत असे. इंग्रजीत न्यायाला ‘मर्सी’ची, म्हणजे दयेची, जोड असावी असे म्हणतात, थट्टेखोर म्हणत की येथे न्यायाला ‘मर्फी’ची जोड मिळाली आहे! या टीकेत तथ्यांश नव्हता असे नाही. परंतु काळाने त्यांच्या बाजूने कौल दिला. १९ जुलै १९४९ रोजी डेट्रॉइट येथे त्यांचे निधन झाले आणि जन्मगावीच त्यांना पुरण्यात आले. १९८३ मध्ये कोरेमात्सु यांची शिक्षा रद्द झाली. १९८८ मध्ये अमेरिकेने कायदा करून छावण्यांतील हयात लोकांची क्षमा मागितली व प्रत्येकी २०,००० डॉलर देऊ केले. १९४४ चा निकाल मुळातच चुकीचा होता, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये मान्य केले.

आपल्या माणसांसाठी न्याय मागणे हे आपले कर्तव्यच आहे आणि अल्पसंख्य समाज म्हणून आपण ते करीत आलो आहोत. परंतु शेजारी कोण, या प्रश्नाचे उत्तर देताना प्रभू येशूने आपल्यातल्या माणसाचे नव्हे, तर परक्या शोमरोनी माणसाचे उदाहरण दिले. मर्फी यांनी कृष्णवर्णीय डॉक्टर, चर्चचे टीकाकार, जपानी वंशाचा तरुण आणि अखेर प्रत्यक्ष शत्रू यांना तो शेजारधर्म लागू केला. वाटेत ते दोनदा कचरले, पण आपली चूक उमजताच परत फिरले. परक्याला न्याय नाकारला जात असताना आपण कोणत्या बाजूला उभे असतो, हे एकदा स्वतःला विचारून पाहणे आपल्या हाती आहे.