शार्क बांधणारे मांत्रिक

कोकणपट्टींतल्या बाजारांत 'मुशी' किंवा 'मोरी' या नांवानें जी मासळी विकली जाते, ती शार्कच्याच कुळांतील होय, हें ती आवडीनें खाणाऱ्यांपैकीं कितीजणांच्या ध्यानांत येत असेल? ताटांत आली म्हणजे ती मुशी, आणि पाण्यांत गांठ पडली म्हणजे तोच काळ! उष्ण समुद्रकांठच्या माणसांना ही भीति फार जुनी आहे. परंतु तिच्या बंदोबस्तासाठीं मोबदला देऊन मांत्रिक ठेवल्याचें उदाहरण विरळाच. तें हिंदुस्थान व लंका यांमधील मन्नारच्या आखातांत सांपडतें.

हें आखात मोत्यांच्या शिंपल्यांबद्दल प्राचीन काळापासून प्रसिद्ध. पाणबुड्या दोरीला बांधलेल्या जड दगडावर पाय ठेवून तळाशीं जाई, एका श्वासांत हातीं लागतील तितके शिंपले टोपलींत भरी आणि वर येई. हातीं शस्त्र नाहीं, अंगावर चिलखत नाहीं. आणि त्याच पाण्यांत शार्कांचा संचार!

इ. स. १२९२ च्या सुमारास या बाजूनें गेलेल्या मार्को पोलोनें लिहून ठेविलें आहे कीं, येथील व्यापारी उत्पन्नाचा दहावा हिस्सा राजाला देत, आणि विसावा हिस्सा मोठ्या माशांना मंत्रानें बांधणाऱ्या ब्राह्मणांना. हा मंत्र फक्त दिवसापुरता चाले. रात्र झाली कीं मांत्रिक तो सोडवीत व मासे मोकळे होत. रात्रीं कोणी बुड्या मारीत नसतांना हा खटाटोप कशाला? आमच्या मतें यांत मोठी व्यवहारचतुराई होती. मासे मोकळे आहेत असें समजल्यावर अंधारांत शिंपले चोरण्यास कोण धजेल? दिवसां ज्याला बांधावयाचें, तोच रात्रीं पहारेकरी!

पुढें राजे गेले, पोर्तुगीज आले, डच आले, इंग्रज आले. मांत्रिक मात्र राहिले. १८०३ सालीं लंकेवर ग्रंथ लिहिणारा कॅप्टन पर्सिव्हल सांगतो कीं, होड्या परत येईपर्यंत हे किनाऱ्यावर उपाशीं उभे राहून मंत्र पुटपुटत. कांहीं मात्र उपास बाजूस ठेवून इतकी ताडी घेत कीं उभे राहणेंही कठीण व्हावें. तथापि त्यांच्यावांचून पाणबुडे पाण्यांत उतरत नसत. लंकेचा वसाहत-सचिव इमर्सन टेनंट याचा १८५९ चा वृत्तांत तर अधिकच मौजेचा आहे. ही विद्या वंशपरंपरेची. घराण्याचा तत्कालीन प्रमुख रोमन कॅथलिक होता, पण त्यानें मंत्राला बाध येत नसे. टेनंट गेला तेव्हां तो आजारी असून त्याचा बदली आला होता. त्यानें साहेबांस सांगितलें, 'मला मंत्र येत नाहीं. परंतु मी धन्याचा प्रतिनिधि आहें, एवढें शार्क जाणतात!'

आम्ही हें वाचून प्रथम हंसलों. मग विचार केला, तों हंसूं ओसरलें. शार्कच्या पांचशेंहून अधिक जाती आहेत, आणि माणसांवरील गंभीर हल्ले मुख्यतः तीन-चार जातींकडूनच होतात; शिवाय शेंकडों होड्यांचा गलबला व माणसांचा सततचा वावर यांनीं मासे दूर राहत असावेत, असा तर्क तेव्हांही केला गेला होता. म्हणजे मंत्राला माशांवर चालण्याची गरजच नव्हती. तो पाणबुड्याच्या छातीवर चाले. घरीं मुलेंबाळें टाकून जो माणूस केवळ एका श्वासाच्या आधारावर खोल पाण्यांत उतरतो, त्याला किनाऱ्यावर आपल्यासाठीं कोणी तरी उपाशीं उभा आहे हा दिलासा हवा होता. स्वतः विश्वास नसतांही इंग्रज अधिकाऱ्यांनीं ही रीत मोडली नाहीं, यांत त्यांचें शहाणपण दिसतें.

आतां ते हंगाम इतिहासजमा झाले, आणि भीतीची दिशाही फिरली. खुल्या समुद्रांतील शार्क व पाकट यांची संख्या १९७० पासून २०१८ पर्यंत सुमारें ७१ टक्क्यांनीं घटली, असें २०२१ सालीं प्रसिद्ध झालेलें संशोधन सांगतें. आणि याचें मुख्य कारण मनुष्याची बेसुमार मासेमारी. जुने मांत्रिक निदान सूर्यास्तानंतर बंधन सोडवीत असत. आमचीं जाळीं रात्रींही पाण्यांतच असतात.