शिंदे, विठ्ठल रामजी

(२३ एप्रिल १८७३ – २ जानेवारी १९४४). अस्पृश्यतानिवारणाचे आद्य संघटक, प्रार्थना समाजाचे धर्मप्रचारक, संशोधक व लेखक. ‘महर्षी’ म्हणून परिचित. जन्म जमखंडी (आता कर्नाटकात) येथे मराठा कुटुंबात. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयातून बी. ए. झाल्यावर युनिटेरियन शिष्यवृत्तीवर ऑक्सफर्डच्या मँचेस्टर महाविद्यालयात धर्मांचा तौलनिक अभ्यास (१९०१–०३). परत आल्यावर मुंबई प्रार्थना समाजाचे प्रचारक.

गिरगावातील उपासनामंदिरात प्रवचने देऊन थांबणारा हा प्रचारक नव्हता. अहमदनगरजवळच्या भिंगारला अस्पृश्यांनी रात्री भरवलेल्या सभेला ते गेले आणि पुढच्या कामाची दिशा तिथेच ठरली. १८ ऑक्टोबर १९०६ रोजी मुंबईत निराश्रित साह्यकारी मंडळी, म्हणजेच डिप्रेस्ड क्लासेस मिशन, स्थापन झाली, अध्यक्ष न्या. नारायण चंदावरकर. शाळा, वसतिगृहे, उद्योगशिक्षण असा तिचा व्याप वाढला. भगिनी जनाबाईही या कामात होत्या. इंदूरच्या होळकरांच्या देणगीतून पुण्यात अहिल्याश्रम उभा राहिला.

मार्च १९१८ मध्ये सयाजीराव गायकवाडांच्या अध्यक्षतेखाली मुंबईत अस्पृश्यतानिवारण परिषद भरली. लोकमान्य टिळकांनी तिथे अस्पृश्यता मानणारा देव आपण देवच मानणार नाही, अशा आशयाचे भाषण केले आणि टाळ्या घेतल्या. मात्र स्वतःच्या आचरणात अस्पृश्यता न पाळण्याच्या जाहीरनाम्यावर त्यांनी सही केली नाही. शिंद्यांच्या साऱ्या चळवळीची अडचण या एका सहीत दिसते: सभेत होकार, घरात सोवळे.

दुसऱ्या बाजूलाही त्यांची कोंडी झाली. मिशनचा कारभार स्पृश्यांच्या हाती का, हा अस्पृश्य पुढाऱ्यांचा सवाल रास्तच होता. स्वतंत्र मतदारसंघांना शिंद्यांचा विरोध असल्याने डॉ. आंबेडकरांशी त्यांचे पटले नाही. १९२३ साली ते मिशनच्या कारभारातून बाजूला झाले. १९३० च्या सविनय कायदेभंगात त्यांनी येरवड्याचा तुरुंगवास भोगला. शेतकरी परिषदांतूनही ते बोलत राहिले.

‘भारतीय अस्पृश्यतेचा प्रश्न’ (१९३३) हा त्यांचा ग्रंथ समाजशास्त्रीय संशोधन म्हणून आजही वाचण्याजोगा आहे. ‘माझ्या आठवणी व अनुभव’ हे आत्मचरित्र त्याहून जिवंत. ब्राह्मणेतर पक्ष, काँग्रेस, दलित चळवळ यांपैकी कोणीच त्यांना पुरते आपले म्हटले नाही, म्हणून त्यांची उपेक्षा झाली. गो. मा. पवारांनी लिहिलेल्या त्यांच्या चरित्राला २००७ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.