आश्रयदात्याच्या जागी तिकीट

हिराबाई बडोदेकर म्हटले की किराणा घराण्याची सुरेल गायिका डोळ्यांपुढे येते. नाटक मात्र त्यांच्या आयुष्यातला एक फसलेला उद्योग ठरतो. मला हा हिशेब पटत नाही. अब्दुल करीम खाँ आणि ताराबाई माने यांची ही मुलगी 1905 साली मिरजेत जन्मली. त्या काळी गाणाऱ्या बाईची मिळकत बहुतेक संस्थानिकाच्या नाहीतर बैठक भरवणाऱ्या धनिकाच्या मर्जीवर असे, आणि त्या मर्जीला गाण्यापलीकडच्याही अपेक्षा चिकटलेल्या असत. ठरावीक पैसे मोजून खुर्चीत बसणारा अनोळखी श्रोता अशी अपेक्षा ठेवू शकत नाही. नाट्यगृहात ही रीत रुळलेलीच होती. हिराबाईंनी ती गाणाऱ्या बाईच्या मैफलीत आणली. दोन्ही खांद्यांवरून पदर घेऊन, भाव दाखवण्याच्या भानगडीत न पडता, पुरुष गवयांसारख्या ठाण मांडून त्या ख्याल गात. याला शालीनता म्हणून गौरवतात. ती होतीच, पण त्यात धंद्याची जाणही होती: बायकामुलांना घेऊन आलेल्या गृहस्थाला अवघडल्यासारखे वाटून चालणार नव्हते.

हिराबाई नाटकातही उतरल्या. यावर कोणी म्हणेल की रंगभूमीवर बायका त्याआधीही होत्या. खरे आहे, बायकांच्या नाटक मंडळ्या एकोणिसाव्या शतकातच निघाल्या होत्या, पण त्यांत पुरुषपात्रेही बायकाच करीत. स्त्री-पुरुषांनी एकत्र काम करण्याचे श्रेय सहसा नाट्यमन्वंतर या संस्थेच्या 1933मधल्या ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकाला दिले जाते. त्या नाटकाचे मोल मोठेच. मात्र हिराबाई, कमलाबाई आणि सुरेशबाबू या भावंडांची नूतन संगीत विद्यालयाची नाट्यशाखा 1929च्या सुमारासच मिश्र संचात नाटके करू लागली होती. स्त्रीभूमिका करणाऱ्या, चाळिशी ओलांडलेल्या बालगंधर्वांची सुभद्रा डोळ्यांत भरलेल्या प्रेक्षकांपुढे हिराबाई सुभद्रा म्हणून उभ्या राहिल्या, हे धाडस प्रायोगिक नाटकापेक्षा कमी नव्हते. या भावंडांच्या नाटकांची गणना मागे पडली ती बहुधा कुलीनतेच्या मोजपट्टीमुळे.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे: कंपनी टिकली कुठे? नाही टिकली. 1932 साली ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट आला आणि भल्याभल्या मंडळ्यांचे गल्ले आटले. हिराबाईंच्या वाट्यालाही कर्जच आले. पण नाटक बुडाले म्हणून बाई कोणाच्या आश्रयाला गेल्या नाहीत. जेमतेम तीन-साडेतीन मिनिटांच्या तबकडीत राग बसवण्याची कला त्यांना साधली होती, मैफलीची तिकिटे खपत होती, आणि त्याच कमाईतून त्यांनी कंपनीचे देणे फेडले.