झिंग-आकाडेमी, बर्लिन
हौशी स्त्री-पुरुषांनी एकत्र गाण्यासाठी बर्लिन (जर्मनी) येथे स्थापन केलेली वृंदगायन संस्था. प्रशियाच्या दरबारातील संगीतकार कार्ल फ्रीड्रिख क्रिस्टिआन फाश याने १७९१ मध्ये ती सुरू केली. सोळा स्वतंत्र स्वरपंक्तींच्या त्याच्या मासला (पहा : मास) नियमित तालीम करणारा मोठा गट हवा होता. चर्चमध्ये वरचे स्वर सहसा मुलगे गात. येथे ते स्त्रियांकडे आले. फाशनंतर १८०० पासून कार्ल फ्रीड्रिख त्सेल्टर याने धुरा सांभाळली.

संस्थेचे महत्त्व तिच्या हौशीपणातच आहे. तिकिटविक्रीवर पोट अवलंबून नसल्याने मागे पडलेल्या बाखच्या रचना (पहा : बाख, योहान झेबास्टिआन) सभासद वर्षानुवर्षे गात राहिले. ११ मार्च १८२९ रोजी वीस वर्षांच्या फेलिक्स मेंडेल्सझोनने (पहा : मेंडेल्सझोन, फेलिक्स) ‘सेंट मॅथ्यू पॅशन’ काटछाट करून येथे सादर केले. बाखच्या पुनरुज्जीवनाचे श्रेय त्या एकट्याला देण्याचा प्रघात आहे. परंतु तो स्वतः याच वृंदात घडला होता आणि दोन वृंदांसाठी लिहिलेली ही रचना पेलू शकणारे गळे येथे आधीच तयार होते. सभासद बहुतांशी सुस्थित, सुशिक्षित वर्गातले होते, हा आक्षेप रास्त आहे. त्यामुळे संस्थेच्या लोकाभिमुखतेला मर्यादा पडते, तिच्या सांगीतिक कार्याला नव्हे. दुसऱ्या महायुद्धात हरवलेला तिचा हस्तलिखितसंग्रह १९९९ मध्ये कीव्ह येथे सापडला व २००१ मध्ये बर्लिनला परतला.